शेंगांच्या टोपलीतून गेलेलं गाव

मित्रांनो, किनवटला रेल्वे स्टेशनच्या मागे मुलांचं एक वसतिगृह आहे. तिथल्या कम्प्युटरच्या खोलीत, भिंतीतल्या फळीवर, गोधडीच्या तुकड्यांची खोळ घातलेली एक काळी वस्तू ठेवलेली आहे. तळहाताएवढी, साबणाच्या वडीपेक्षा थोडी लांब. तिच्या खाचेत अजून हळद दिसते. ती वस्तू म्हणजे मी. मी एक जुनी हार्ड डिस्क आहे. तुम्ही मला हलवलंत तर पोटात काहीतरी खुळखुळेल. घाबरू नका. म्हाताऱ्या माणसाचे सांधे वाजतात, तसंच ते आहे.

वसतिगृहात नवी आलेली मुलं शिल्पा मॅडमना विचारतात, "मॅडम, ही चालत नाही, मग ठेवली कशाला?" मॅडम म्हणतात, "तिलाच विचारा की." अजून तरी कोणी विचारलेलं नाही. तुम्ही विचारलंत असं धरून मी सांगते.

माझा जन्म परमुलखातल्या एका कारखान्यात झाला. तिथं सगळे तोंड बांधून काम करत, म्हणून मला जन्म देणाऱ्याचा चेहरा ठाऊक नाही. त्यांनी माझ्या पोटात आरशासारखी लख्ख चकती बसवली आणि तिच्यावर केसाहून बारीक सुई तरंगत ठेवली. चकती गरगर फिरते, सुई तिच्यावर लिहिते आणि लिहिलेलं वाचते. जात्याची वरची तळी फिरावी तसं ते फिरणं. जात्यावर बसलं की ओवी सुचते म्हणतात. मला तेव्हा ओवी माहीत नव्हती, पण फिरणं माहीत होतं.

मला नांदेडहून मुदखेडला आणलं ते सुदर्शननं. मुदखेडच्या स्टेशन रोडवर त्याचं आणि त्याच्या थोरल्या बहिणीचं, शिल्पाचं, एक छोटं दुकान होतं. वडील रामकिशनराव शेत बघत आणि ही दोघं दुकान बघत. पत्र्याच्या पाटीवर लिहिलं होतं, 'इथे गेम टाकून मिळतील.'

आज तुम्ही फोनला बोट लावता आणि खेळ आपला आपण उतरतो. तेव्हा तसं नव्हतं. मुदखेडला इंटरनेट होतं, पण ते उन्हाळ्यातल्या नळासारखं. करंगळीएवढी धार, तीही मधेच तुटायची. म्हणून सुदर्शन नांदेडला जाई. तिथल्या एका नेट कॅफेत चांगली धार होती. बनवणारे जे खेळ फुकट वाटतात, ते तो माझ्यात भरून आणी. लांबच्या विहिरीवरून पाणी आणावं तसं. ती घागर मी होते, आणि भरून परत येताना मला स्वतःचा फार अभिमान वाटायचा.

दुकानात आल्यावर पाणी पाजायचं काम शिल्पाचं. तिचा हात शांत होता. मला कम्प्युटरला जोडायच्या आधी ती त्याची तब्येत बघे. एकदा हदगावचा एक माणूस एसटीतून कम्प्युटरचा डबा मांडीवर घेऊन आला. वर शाल गुंडाळलेली, जणू घरचं आजारी लेकरूच.

"ताई, ते ट्रकचं गेम टाका. लई भारी वालं."

शिल्पानं बघून मान हलवली. "याला झेपणार न्हाई, दादा. तुमचा ट्रक फाट्यावरच बसंल."

"मंग बैलगाडीचं हाय का एखांदं?"

सगळं दुकान हसलं, तोही हसला. शिल्पानं त्याला छोट्या रस्त्यांचा, छोट्या गाड्यांचा एक खेळ टाकून दिला. घरचा मुलगा खूश झाला असं त्यानं नंतर मुद्दाम येऊन सांगितलं.

कोणी फोन घेऊन येई. फोनमध्ये मामाच्या लग्नाचा व्हिडिओ एवढा मोठा की खेळाला पाय ठेवायला जागा नाही. मग मामा ठेवायचा की खेळ, यावर मायलेकांची काउंटरवरच जुंपायची. कोणी टीव्हीला जोडायचा गेमचा डबा घेऊन येई. त्याचं पोट तर अगदीच लहान. नवा खेळ घालायचा म्हटलं की जुना काढावा लागे. अशा वेळी शिल्पाचा एक नेम होता. जुना खेळ पुसण्याआधी त्या मुलानं जेवढं खेळून ठेवलं असेल, ते ती आधी माझ्यात उतरवून घेई. सुदर्शन कुरकुर करायचा, "आक्का, टाइम जातो ना."

ती म्हणायची, "खेळ पुन्हा मिळतो, सुदू. खेळलेलं पुन्हा मिळत न्हाई."

मित्रांनो, हे वाक्य तुम्ही ध्यानात ठेवा. मला त्याच्याकडे परत यायचं आहे.

खेळ टाकताना पडद्यावर एक हिरवी पट्टी सरकते. ती भराभर पुढे जाते आणि नव्याण्णववर येऊन बसते. बसते ती बसतेच. त्या वेळी दुकानात कोणी बोलायचं नाही, असा शिल्पाचा कायदा होता. का, ते तिलाही सांगता आलं नसतं. पण पोरं श्वास धरून उभी राहायची, बाहेरून गाडीचा भोंगा यायचा, आणि मग पट्टी भरायची. त्या एका क्षणात सगळ्यांचे चेहरे दिवा लावल्यासारखे उजळायचे. तो उजेड मला फार आवडायचा. आज सगळ्यात जास्त आठवण येते ती त्याचीच.

दुपारी गिऱ्हाईक नसलं की बहीणभाऊ स्वतःचा एक खेळ खेळत. गाव वसवायचा खेळ होता तो. आधी नुसतं मोकळं रान मिळायचं. मग त्यात विहीर खणायची, रस्ता काढायचा, झाडं लावायची, घरं बांधायची. एकानं थोडं बांधायचं, मग उठून दुसऱ्याला जागा द्यायची. त्या गावात त्यांनी लिंबाचं झाड लावलं, मोटेचं पाणी पडायचं थारोळं असलेली विहीर केली, दोन फाट्यांचं स्टेशन केलं. हळूहळू ते मुदखेडसारखं दिसायला लागलं आणि मुदखेडहून थोडं बरंही. ते गाव माझ्या पोटात होतं.

शिल्पाचं लग्न ठरलं. नवरा अमरेश, किनवटच्या वसतिगृहात नोकरीला. जायच्या आदल्या दिवशी तिनं आईच्या जुन्या गोधडीचे तुकडे घेतले आणि माझ्यासाठी खोळ शिवली. मला सुदर्शनच्या हातात ठेवून म्हणाली, "खेळ टाकताना घाई करू नको. आन् नव्याण्णववर बोलू नको." दुसऱ्या दिवशी ती गेली. पाठवणीला सगळे रडले. मी खोळीत होते. मला रडता येत नाही, पण त्या रात्री सुदर्शननं मला जोडलं तेव्हा माझी चकती उगाच थांबत थांबत फिरत होती.

काही दिवसांनी फोनवर तिनं भावाला सांगितलं, "सुदू, गावाची लई आठवण यायली रे."

"मुदखेडची?"

"त्याची पण."

सुदर्शन ओळखून गेला. मुदखेडहून किनवटला रेल्वे जाते. त्या गाडीत देगलूरकडचे संगप्पा नावाचे गृहस्थ भाजलेल्या शेंगा विकत. रोज जात, रोज येत. सुदर्शननं मला खोळीत घालून त्यांच्यापुढे धरलं.

"हे काय रे, डबा?"

"गाव हाय ह्यात, काका. आक्काकडं न्यायचंय."

"पूर्ण गाव?" संगप्पांनी मला हातात तोललं. "मंग तिकीट लागंल की रे येवढ्या लोकांचं!"

आणि मी निघाले. शेंगांच्या टोपलीत एका कडेला, फडक्यावर. शेंगांची ऊब, खरपूस वास, आणि खाली रुळांचा ठेका. भोकर गेलं, हिमायतनगर गेलं, मग सागाचं रान लागलं. सुदर्शननं फोन करून ठेवला होता, त्यामुळे किनवटला फलाटावर, डब्याच्या दाराशी शिल्पा उभी होती. तिनं मला घेतलं आणि पदराखाली धरलं.

आमच्याकडे सणावाराला सासरच्या लेकीला न्यायला माहेराहून माणूस जातो. त्याला मुराळी म्हणतात. बहुतेक करून तो भाऊ असतो. लेकी दिवस दिवस त्याची वाट बघतात. शिल्पा मला म्हणायची, "आली बाई माझी मुराळी." एका यंत्राला असं नाव मिळालेलं तुम्ही कधी ऐकलंय का? मी ऐकलं नव्हतं.

मग हे नेमानं सुरू झालं. शिल्पा वसतिगृहातल्या मुलांना माझ्यातले नवे खेळ टाकून द्यायची, कारण तिथल्या कम्प्युटरच्या खोलीत इंटरनेट पोचत नव्हतं. स्वतः गावात थोडं बांधायची आणि मला परत टोपलीत पाठवायची. मग मुदखेडला सुदर्शन बांधायचा. दोघांनी एक गोष्ट पक्की ठरवली होती. गावाची नक्कल काढायची नाही. "कॉपी केलं तर एकाची दोन गावं हुतील," शिल्पा म्हणाली होती. "तू तुझ्यात ऱ्हाशील, मी माझ्यात. गाव एकच पायजे." म्हणून जगाचं खेळलेलं जपून ठेवणाऱ्या शिल्पानं स्वतःचं गाव मात्र एकट्या माझ्यावर सोपवलं.

त्या खेळात जागोजाग पाट्या लावता येत. पाटीवर दोन ओळी लिहायच्या. आपली अक्षरं त्या खेळाला कळत नसत, म्हणून दोघं इंग्रजी अक्षरांत मराठी लिहीत. शिल्पानं पहिली पाटी लावली ती स्टेशनात.

सागाच्या रानामधी, पान वाजं पानावर
माझं ध्यान बाई, गाडीच्या गं रुळावर

सुदर्शननं ती वाचली आणि डोकं खाजवलं. त्याला ओवी कुठली यायला? तो उठून घरी गेला. आई कस्तुराबाई भाजी निवडत होती. "आई, ठेसनाची एखांदी ओवी सांग की."

"आँ? तुला रे कशाला ओव्या? लगीन करायलास का काय?"

"सांग तर."

कस्तुराबाईंचे हात भाजीतच राहिले आणि तोंडानं ओवी निघाली. तशीच ती पाटीवर गेली.

मुदखेड ठेसनात, रुळाला फुटतो फाटा
लेकीच्या गावाकडं, माझ्या मनाच्या साऱ्या वाटा

सुदर्शननं 'लेकीच्या' खोडून 'आक्काच्या' केलं आणि आपलीच ओवी म्हणून पाठवून दिली. पुढे हीच रीत पडली. विहीर झाली की तो विहिरीची ओवी मागायचा, लिंब वाढला की लिंबाची. आई विचारायची, "कुठं पाठवतोस रे ह्या?" तो हसून टाळायचा. फोनवर मायलेकींचं बोलणं मात्र ठरलेलं असे. जेवलीस का, पाऊस झाला का, ठेवते. मनातलं सगळं माझ्या पोटातून जात होतं, आणि जिच्या मनातलं जात होतं तिलाच ते ठाऊक नव्हतं.

काळ बदलला. फोनमध्ये धो धो इंटरनेट आलं. खेळ टाकून घ्यायला कोणी येईना. दुकानाची पाटी उतरली आणि 'स्क्रीन बदलून मिळेल' अशी दुसरी चढली. पूर्वी मला बघून पोरं टाचा उंचावत. आता एक लहानगी मला बघून म्हणाली, "दादा, हे पावर बँक हाय का?" मित्रांनो, वाईट वाटलं. पण टोपली होती, रूळ होते, डब्याच्या दाराशी शिल्पा होती. कोणीतरी आपली वाट बघतंय एवढं माहीत असलं की जुनं होण्याचं फारसं काही वाटत नाही.

मग गेल्या वर्षीची खंडेनवमी आली.

एरवी दसऱ्याला मी किनवटला असायची. त्या वर्षी मुदखेडला होते. खंडेनवमीला आपल्या कामाच्या हत्यारांची पूजा करतात, हे तुम्हाला माहीत आहे. रामकिशनरावांनी विळा, खुरपी, कुऱ्हाड अंगणात काढून ठेवली. सुदर्शननं दुकानातले स्क्रू ड्रायव्हर, चिमटे आणि त्यांच्याबरोबर मलाही पाटावर मांडलं आणि तो झेंडू आणायला बाजारात गेला.

कस्तुराबाई पाण्याची बादली घेऊन आल्या. त्यांनी विळा घासला, खुरपी घासली, चिमटे धुतले. मग मला खोळीतून काढलं. उलटसुलट करून पाहिलं. "लई फिरलीस बाई वर्षभर," असं माझ्याशी बोलल्या आणि तांब्यानं माझ्यावर पाणी घातलं. बोटानं खाचा चोळल्या. चोळताना गुणगुणत होत्या. पाणी माझ्या आत उतरत होतं. मला कळत होतं की हे बरं नाही. पण मित्रांनो, खरं सांगते, आजवर मला कोणी न्हाऊ घातलं नव्हतं. इतक्या मायेचा हात अंगावरून फिरत असताना नको कसं म्हणायचं, हे मला कोणी शिकवलं नव्हतं. त्यांनी मला पदरानं पुसलं, हळदीकुंकू लावलं, खोळ चढवली आणि पुन्हा पाटावर ठेवलं.

सुदर्शन आला. पूजा झाली. संध्याकाळच्या गाडीनं मला संगप्पांबरोबर जायचं होतं. त्याआधी एक पाटी लावू म्हणून त्यानं मला कम्प्युटरला जोडलं. आत चट् असा आवाज झाला. सुई चकतीवर आपटली आणि ओरखडत गेली.

सुदर्शननं मला उचललं. खोळ खालून ओली झाली होती. "आई, हिला धुतलीस का काय?"

"मंग?" कस्तुराबाई म्हणाल्या. "सगळ्याला धुतलं. हिलाच येकलीला पारोशी ठेवू व्हय?"

तो आईकडे बघत राहिला. सणाचा दिवस. आईच्या हाताला अजून हळद. तो म्हणाला, "काही न्हाई. वाळंल." कस्तुराबाईंनी मला जोंधळ्याच्या डब्यात पुरून ठेवलं. ओल्या फोनवर सगळे हाच उपाय करतात ना! पुढं सुदर्शन मला नांदेडला एका जाणकाराकडे घेऊन गेला. त्यानं मला कानाशी धरलं, आतली टकटक ऐकली आणि नकारार्थी मान हलवली.

सुदर्शनला बहिणीला सांगायचा धीर झाला नाही. सांगावं तर आईचं नाव घ्यावं लागणार. शिल्पाचा फोन आला तेव्हा मी काउंटरच्या खणात होते. तो म्हणाला, "संगप्पाकाकाच आले न्हाईत, आक्का." मग ती म्हणाली, "बरं."

संगप्पा तर रोज किनवटला जात होते. त्यांच्याकडून शेंगा ती रोज घेत होती. भाऊ खोटं बोलतोय, हे तिला तेव्हाच कळलं. पण का, ते कळलं नाही. तिनं आपल्या मनानं ठरवलं असणार की, सुदू आता मोठा झाला, त्याला कंटाळा आला. मग तिनं पुन्हा विचारलं नाही. मानी पोर ती.

दिवाळी जवळ आली. एक दिवस संगप्पा स्वतः दुकानात आले. सुदर्शनसाठी कस्तुराबाई डबा घेऊन आल्या होत्या, त्याही तिथंच होत्या.

"काय रे, गाव पाठवणं बंद केलं?" संगप्पांनी विचारलं. "तुझी आक्का रोज दारापाशी येऊन उभी ऱ्हाते की. गाडी थांबते तेवढा वेळ. शेंगा घेते, पण बघते टोपलीच्या कडेला. जागा मोकळी दिसली की जाते. बोलत काय न्हाई. मला म्हाताऱ्याला मग शेंगा विकायला आवाज निघंना बघ."

ते गेल्यावर कस्तुराबाईंनी विचारलं, "कसलं गाव रे, सुद्या?"

सुदर्शननं मला खणातून काढून काउंटरवर ठेवलं आणि सगळं सांगितलं. विहीर, लिंब, स्टेशन, पाट्या. "तुझ्याच ओव्या व्हत्या आई सगळ्या पाट्यांवर. आक्का वाचायची. आता गेलं सगळं. हिच्यात पाणी गेलं."

कस्तुराबाई माझ्याकडे बघत बसल्या. हळदीच्या खाचेवरून त्यांनी बोट फिरवलं. "म्हणजी म्या लेकराचं गाव बुडवलं," एवढंच म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी गाडीच्या वेळेला त्यांनी ठेवणीतलं लुगडं नेसलं आणि मला खोळीत घालून कमरेला खोचलं. रामकिशनराव म्हणाले, "दिवाळीला मुराळी भाऊ जातो. आई गेल्याली कुणी बघितलीय का?"

"न्हाई बघितली तर आता बघा."

सुदर्शन मागोमाग निघाला होता. त्यांनी त्याला दुकानातच बसवलं. "तू फोनजवळ ऱ्हा. ज्यानं बुडवलं, त्यानं जाऊन सांगावं."

गाडीत संगप्पांनी टोपली पुढे केली. पण कस्तुराबाईंनी मला कमरेहून काढलं नाही. रुळांचा ठेका तोच होता, ऊब मात्र शेंगांची नव्हती.

किनवटला शिल्पा दाराशी होती. तिची नजर आधी टोपलीच्या कडेला गेली. मग तिला आई दिसली. "आई? तू? येकटी?" कस्तुराबाईंनी खाली उतरताच मला तिच्या हातात दिलं. वसतिगृहापर्यंत जाताना वाटेतच सगळं सांगून टाकलं. "सुद्याचा काही दोष न्हाई. तो माझ्यापायी गप ऱ्हायला. म्या न्हाऊ घातलं हिला."

शिल्पा थांबली. खोळ बाजूला करून तिनं हळद पाहिली. आधी तिला हसू आलं आणि मग त्याच हसण्यात ती रडायला लागली. "डिस्कला हळद लावली का गं, आई! आन् मी म्हणलं, सुदू मला विसरला."

कम्प्युटरच्या खोलीत तिनं मला जोडलं. मित्रांनो, मी जेवढी ताकद होती तेवढी लावली. चकती फिरवली. टक, टक, टक. एकदा पडद्यावर गावाच्या फोल्डरचं नाव आलं. शिल्पा पुढे वाकली. नाव गेलं. पुन्हा आलं नाही. तिनं मला ओढून तोडलं नाही. इतर वेळी काढायची तसंच, आधी कम्प्युटरला सांगून, हळूच काढलं.

"खेळ पुन्हा मिळतो," ती स्वतःशीच म्हणाली. पुढचं अर्धं वाक्य तिनं गिळलं.

खेळ वसतिगृहाच्या कम्प्युटरमध्ये होता, कारण तो तिनंच मुलांसाठी साठवून ठेवला होता. तिनं तो नव्यानं टाकायला घेतला. हिरवी पट्टी निघाली आणि नव्याण्णववर जाऊन बसली. कस्तुराबाई म्हणाल्या, "का गं थांबलं?"

"बोलू नको, आई."

पट्टी भरली. पडद्यावर मोकळं रान आलं. एक घर नाही, एक झाड नाही. शिल्पा नुसती बघत बसली. "कुठून सुरू करू? काय कुठं व्हतं, सगळं ध्यानात बी न्हाई आता."

तेव्हा कस्तुराबाई खुर्चीवर पाय वर घेऊन बसल्या, जात्याशी बसतात तशा, आणि त्यांनी ओवी धरली.

विहिरीच्या थारोळ्यात, पाणी हालं झुळूझुळू
लेकीच्या सासराला, वारा जाई हळूहळू

"ही पाटी विहिरीच्या उगवतीला व्हती!" शिल्पा ताठ बसली. "हाव, थारोळ्याला लागूनच." तिनं विहीर खणली. तिनं फोन लावला आणि मधे ठेवला. "सुदू, विहिरीपासून लिंब किती लांब व्हता रे?"

पलीकडून आधी नुसता नाक ओढल्याचा आवाज आला. "आक्का, तू रागावली न्हाईस?"

"रागवू नंतर. लिंब सांग."

"डाव्या अंगाला. आन् शेळ्याचा गोठा त्याच्या मागं."

"गोठा म्या बांधला व्हता, तो उजवीकडं व्हता. तुला सगळं उलटंच दिसतं."

"लिंबाची ओवी म्हण की, आई. त्यात कळंल."

आईनं म्हटली.

लिंबाच्या सावलीत, चिमण्यांचा चाले दंगा
माहेराला ये म्हणून, माझ्या लेकीला कोणी सांगा

शिल्पाचे हात थांबले. "सुदू," ती म्हणाली, "ह्या ओव्या तुझ्या न्हाईत, हे मला पहिल्या पाटीपासून ठावं व्हतं. म्हणून तर म्या दारात येऊन उभी ऱ्हायची."

कस्तुराबाई पदरानं चष्मा पुसत राहिल्या. पुष्कळ वेळ पुसला.

ओवीमागून ओवी आली आणि ओवीमागून गाव. स्टेशनाला दोन फाटे फुटले. स्टेशनाच्या ओवीत आता 'लेकीच्या' हाच शब्द राहिला. अमरेश चहा घेऊन आला आणि कपाटाला टेकून ऐकत राहिला. खिडकीत वसतिगृहातली मुलं जमली. गाव अगदी पहिल्यासारखं झालं नाही. गोठ्यावरून भांडण मिटलंच नाही. शेवटी दोन्हीकडे एकेक गोठा बांधला.

या वेळी शिल्पानं गावाच्या नकला काढल्या. एक मुदखेडला, एक इथं, एक मुलांसाठी. "ऱ्हाऊ दे तीन गावं," ती म्हणाली. "वाट आसली की झालं." आणि मग गावाच्या वेशीशी, जिथून रस्ता आत शिरतो तिथं, तिनं एक काळा दगड ठेवला. शेजारी झेंडूचं झाड लावलं. कस्तुराबाईंनी विचारलं, "हे काय?" शिल्पानं माझ्याकडे बोट केलं. कस्तुराबाईंनी पडद्याला हात जोडले.

चार दिवसांनी मायलेकी दिवाळीला मुदखेडला गेल्या. मला शिल्पानं फळीवर ठेवलं. मी आता कोणाचं काही नेत नाही, आणत नाही. संध्याकाळी गाडी शिट्टी देते तेव्हा पोटातली सुई किंचित हलते. शेंगांच्या वासाची, रुळांच्या ठेक्याची ओढ अजून जात नाही. जाऊही नये असं वाटतं.

मित्रांनो, आम्हाला पाण्यापासून जपा, धक्क्यापासून जपा, आणि जे प्रिय असेल ते एकाच पोटात ठेवू नका, हे तर मी सांगेनच. पण माझं खरं मागणं वेगळं आहे. घरातली जुनी, बंद पडलेली वस्तू भंगारात टाकण्याआधी तिला एकदा हातात घ्या आणि विचारा, तू कोणाकडून कोणाकडे जात होतीस? ती बोलणार नाही. मग त्या दोघांपैकी जो तुमच्या घरात आहे, त्याला दुसऱ्याकडे पाठवा. गाडी रोज आहे.